रॉबर्ट सेंगस्टॅक ॲबट : प्रकाशक आणि त्याचा समाज

अमेरिकेतील कृष्णवर्णीय साहित्याचा मराठीतील विचार प्रामुख्याने दलित साहित्याच्या संदर्भात झाला आहे. जोतीराव फुले यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ हे आपले पुस्तक गुलामांच्या मुक्ततेसाठी झटलेल्या अमेरिकन लोकांना अर्पण केले. १९६० नंतर म. ना. वानखेडे यांनी औरंगाबादच्या मिलिंद महाविद्यालयाच्या परिसरातील तरुण लेखकांचे लक्ष तिकडील साहित्याकडे वेधले, आणि १९७२ साली दलित पँथरने तर आपले नावच त्या चळवळीवरून घेतले. या चर्चेत रिचर्ड राइट, लँग्स्टन ह्यूज, ग्वेंडोलिन ब्रुक्स ही नावे वारंवार येतात. परंतु ज्यांना दोन पिढ्यांपूर्वी अक्षरओळख करून घेणेही कायद्याने वर्ज्य होते, अशा समाजात या लेखकांना वाचक कोठून मिळाला, हा प्रश्न त्या मानाने दुर्लक्षित राहिला. त्याचे उत्तर शोधू जाता ज्या काही व्यक्तींपर्यंत पोहोचावे लागते, त्यांत ‘शिकागो डिफेंडर’ या साप्ताहिकाचे संस्थापक व प्रकाशक रॉबर्ट सेंगस्टॅक ॲबट यांचे स्थान फार वरचे आहे.

ॲबट यांचा जन्म १८७० च्या सुमारास जॉर्जिया राज्याच्या किनाऱ्यालगतच्या सेंट सायमन्स बेटावर झाला. यादवी युद्ध संपून पाचच वर्षे झाली होती. त्यांचे वडील टॉमस ॲबट हे गुलामगिरीतून मुक्त झालेले गृहस्थ. बेटावर त्यांचे लहानसे दुकान होते. मुलगा तान्हा असतानाच ते वारले. आई फ्लोरा हिने पुढे जॉन सेंगस्टॅक यांच्याशी विवाह केला. या सावत्र वडिलांची कथा एखाद्या कादंबरीत शोभावी अशी आहे. सव्हाना बंदरात स्थायिक झालेला एक जर्मन व्यापारी आणि त्याने विकत घेऊन मुक्त केलेली एक गुलाम स्त्री यांचे ते अपत्य. आईच्या मृत्यूनंतर त्यांचे बालपण जर्मनीत गेले आणि वर्णाने जवळजवळ गोरे असलेले हे गृहस्थ तरुणपणी अमेरिकेत परतले ते कृष्णवर्णीय म्हणूनच जगण्यासाठी. ते धर्मोपदेशक व शिक्षक झाले. पुढे त्यांनी एक लहानसे वृत्तपत्रही चालविले. शिक्षणावरील श्रद्धा आणि छापील अक्षराचे आकर्षण रॉबर्टला मिळाले ते याच घरात. ‘सेंगस्टॅक’ हे नाव त्याने आपल्या नावात जन्मभर वागविले.

रॉबर्टच्या वाट्याला मात्र गडद काळा वर्ण आला होता. गोऱ्या समाजाचा तिरस्कार त्याला अपेक्षितच होता; परंतु सव्हानातील सुखवस्तू, उजळ वर्णाच्या कृष्णवर्णीय कुटुंबांतही त्याला दाराबाहेर ठेवले जाई. जातीच्या आत जात पाहिलेल्या भारतीय वाचकाला हा अनुभव समजावून सांगण्याची गरज नाही. ॲबट यांच्या पुढील आयुष्यातील जिद्द आणि काही विसंगती या दोन्हींचे मूळ या दुहेरी अवहेलनेत आहे.

व्हर्जिनिया राज्यातील हॅम्प्टन संस्थेत त्यांनी मुद्रणकलेचे शिक्षण घेतले आणि १८९६ साली ते तेथून पदवीधर झाले. तेथे असतानाच १८९३ साली संस्थेच्या गायकचमूबरोबर शिकागोच्या जागतिक प्रदर्शनात गाण्यासाठी ते गेले. याच प्रदर्शनाच्या निमित्ताने भरलेल्या सर्वधर्मपरिषदेमुळे ते वर्ष भारतीय वाचकांच्या परिचयाचे आहे. कृष्णवर्णीय अमेरिकनांना त्या प्रदर्शनात योग्य स्थान मिळाले नव्हते. वृद्ध नेते फ्रेडरिक डग्लस तेथे हैतीचे प्रतिनिधी म्हणून उपस्थित होते, आणि आयडा वेल्स यांनी या अन्यायाविरुद्ध पुस्तिका छापून ती प्रदर्शनातच वाटली. छापील कागद हे दुर्बलांचे शस्त्र होऊ शकते, याचे प्रात्यक्षिक तरुण मुद्रकाच्या डोळ्यांसमोर घडत होते.

तरीही ॲबट थेट वृत्तपत्राकडे वळले नाहीत. शिकागोत त्यांनी कायद्याचा अभ्यास केला आणि १८९९ साली केंट महाविद्यालयाची पदवी मिळविली. शहरातील एका नामांकित कृष्णवर्णीय वकिलाने मात्र त्यांना स्पष्ट सांगितले की, इतक्या काळ्या वर्णाच्या माणसाची न्यायालयात छाप पडणार नाही. अन्य गावीही वकिलीत जम बसला नाही. शेवटी ते मुद्रणाच्या मूळ व्यवसायाकडे परतले आणि मिळेल ते काम करीत शिकागोत राहिले.

५ मे १९०५ रोजी ‘शिकागो डिफेंडर’चा पहिला अंक निघाला. पाने चार, प्रती तीनशे. ॲबट यांचे रोख भांडवल पंचवीस सेंट इतकेच होते. छपाई उधारीवर झाली. शिकागोत त्या वेळी कृष्णवर्णीयांची अन्य पत्रे चालू होती आणि आणखी एका पत्राची गरज कोणालाच वाटत नव्हती. ॲबट स्वतःच बातम्या गोळा करीत, लिहीत आणि अंक बगलेत मारून घरोघर, न्हाव्यांच्या दुकानांत व चर्चच्या दारांत विकत. भाडे थकल्यामुळे कचेरीची जागा सोडावी लागली, तेव्हा घरमालकीण हेन्रिएटा ली यांनी आपल्या घरातील जेवणाची खोली त्यांना कचेरी म्हणून दिली. त्यांच्या आजारपणात शुश्रूषाही तिनेच केली. पुढे वैभवाचे दिवस येताच, १९१८ साली, ॲबट यांनी तिला एक घर विकत घेऊन दिले.

पहिली काही वर्षे पत्राचे स्वरूप स्थानिक होते : विवाह, मृत्यू, चर्चचे कार्यक्रम, लॉजच्या बैठका. १९१० च्या सुमारास जे. हॉकली स्मायली हे संपादनास आले आणि पत्राचा चेहरामोहराच बदलला. भडक मथळे, लाल शाईतील ओळी, नाटक-क्रीडा-समाज अशी स्वतंत्र सदरे ही त्या काळच्या लोकप्रिय गोऱ्या दैनिकांची सामग्री त्यांनी उचलली. दक्षिणेत झुंडीकडून होणाऱ्या हत्यांच्या, म्हणजे लिंचिंगच्या, बातम्या पहिल्या पानावर आल्या. ‘निग्रो’ हा शब्द कटाक्षाने टाळला गेला. त्याऐवजी ‘रेस’ म्हणजे ‘वंश’ असे म्हटले जाई. आपल्या समाजाला दुसऱ्याने दिलेल्या नावाऐवजी स्वतः निवडलेल्या नावाने संबोधणे, ही गोष्ट भाषेच्या अभ्यासकाने लक्षात घ्यावी अशी आहे.

परंतु ‘डिफेंडर’चे खरे वैशिष्ट्य मजकुराइतकेच वितरणात होते. शिकागो हे अमेरिकेतील रेल्वेमार्गांचे केंद्र. पुलमन कंपनीच्या शयनयानांत बिछाने घालणारे व प्रवाशांची सेवा करणारे पोर्टर बहुतेक सर्व कृष्णवर्णीय असत. हे पोर्टर, भोजनयानांतील वाढपी आणि गावोगाव फिरणारे नाटकमंडळ्यांतील नट ‘डिफेंडर’चे गठ्ठे दक्षिणेत नेऊ लागले. ज्या गावी टपालखात्यावर विसंबणे धोक्याचे होते, तेथेही अंक पोहोचू लागला. परतीच्या वाटेवर हेच लोक दक्षिणेतील बातम्या आणीत. प्रवाशांनी गाडीत टाकून दिलेली वर्तमानपत्रेसुद्धा उचलून कचेरीत आणली जात. अशा रीतीने वार्ताहर आणि विक्रेता यांची दुहेरी यंत्रणा ॲबट यांना जवळजवळ विनावेतन लाभली.

अंक गावात आल्यावर तो एका हाती राहत नसे. न्हाव्याच्या दुकानात किंवा चर्चच्या अंगणात एक साक्षर मनुष्य तो मोठ्याने वाची आणि दहापाच माणसे ऐकत. १९२० च्या सुमारास खप दोन लाखांवर गेला आणि त्यातील बराच मोठा भाग शिकागोबाहेरचा होता. श्रोत्यांची संख्या धरली तर पत्राचा वाचकवर्ग याच्या कितीतरी पट होता. सार्वजनिक वाचनाची ही परंपरा पोथीवाचनाच्या देशातील अभ्यासकांना परकी वाटणार नाही. निरक्षरता हा प्रकाशनव्यवसायाला केवळ अडथळा असतो, या समजुतीला ‘डिफेंडर’चा इतिहास छेद देतो.

पहिल्या महायुद्धाने या पत्राला त्याचे ऐतिहासिक कार्य दिले. १९१४ नंतर युरोपातून येणाऱ्या मजुरांचा ओघ आटला, आणि उत्तरेतील पोलाद कारखाने व शिकागोचे कत्तलखाने यांना माणसे कमी पडू लागली. दक्षिणेत बोंडावरील किडीने कापसाची शेती नासविली होती. मतदानाचा हक्क हिरावलेला होता आणि जिवाची शाश्वती नव्हती. तरीही प्रारंभी ॲबट यांचे मत स्थलांतराच्या विरुद्ध होते. माणसांनी आपल्या भूमीवर राहून हक्कांसाठी झगडावे, असे ते प्रतिपादन करीत. कृष्णवर्णीय मजुरांना उत्तरेतील कारखान्यांची दारे बंद असल्याचा अनुभव त्यांना होताच. परंतु लोकांनी वाट धरलेली होती. वाचकांची पत्रे येत होती, आणि ती पत्रे काम, भाडे व मुक्काम यांविषयी विचारीत होती. १९१६ साली ॲबट यांनी आपली भूमिका बदलली.

एकदा भूमिका बदलल्यावर त्यांनी सर्व बळ तिच्यामागे लावले. गाड्यांची वेळापत्रके, नोकरीच्या जाहिराती, उत्तरेत गेलेल्यांच्या यशाच्या कथा, शाळांची छायाचित्रे आणि शेजारीच दक्षिणेतील हत्यांचा तपशील, अशी प्रत्येक अंकाची मांडणी असे. पुढे तर १५ मे १९१७ हा दिवस उत्तरेकडील महाप्रयाणाचा म्हणून घोषित झाला. ही घोषणा होती. तिच्यामागे गाड्यांची वा सवलतींची कोणतीही व्यवस्था नव्हती. त्या वसंतऋतूत दक्षिणेतून लिहिल्या गेलेल्या पत्रांत मात्र त्या दिवसाची खास गाडी कोठून सुटणार, भाडे किती पडणार, अशी विचारणा आढळते. छापून आलेला शब्द व्यवस्थेचे वचन मानला गेला होता. तो पाळण्याचे सामर्थ्य प्रकाशकाजवळ नव्हते, आणि तरीही माणसे निघाली.

या काळातील स्थलांतरितांची पत्रे इतिहासकार एमेट स्कॉट यांनी संकलित करून १९१९ साली प्रसिद्ध केली. त्यांतील अनेक ‘डिफेंडर’लाच लिहिलेली होती. कानाला ऐकू येतील तसे शब्द लिहिणाऱ्या या माणसांनी आपले वय, कुटुंब, कसब आणि भीती एका वृत्तपत्राला कळविली. कित्येकांनी आपले नाव छापू नये, अशी विनंती केली. अल्पशिक्षित समाजाचा आत्मचरित्रात्मक गद्याशी जो संबंध पुढे कादंबरीतून प्रकट झाला, त्याची पूर्वपीठिका शोधणाऱ्यास ही पत्रे टाळता येणार नाहीत. त्यांच्या लेखनाला निमित्त ठरला तो एक प्रकाशक, आणि त्या प्रकाशकाचे मत पालटण्यास निमित्त ठरला तो हाच वाचक.

१९१० ते १९२० या दहा वर्षांत शिकागोतील कृष्णवर्णीयांची संख्या सुमारे ४४ हजारांवरून १ लाख ९ हजारांवर गेली. दक्षिणेतील जमीनदार व अधिकारी खवळले. अनेक गावांत अंक जप्त झाले, विक्रेत्यांना हाकलून लावण्यात आले, आणि अर्कान्सासच्या गव्हर्नरांनी १९१९ साली हे पत्र टपालातून बंद करावे, अशी मागणी केंद्र सरकारकडे केली. युद्धकाळात सरकारी गुप्तचरांचीही पत्रावर नजर होती. ॲबट यांनी युद्धकर्जाला पाठिंबा देऊन राजनिष्ठा सिद्ध केली, पण हत्यांच्या बातम्या देणे थांबविले नाही. दुसरीकडे, शहरात उतरलेल्या खेडुतांना ‘डिफेंडर’ वागणुकीचे धडेही देत होता : ट्राममध्ये मोठ्याने बोलू नये, रस्त्यात एप्रन व डोक्याला फडके बांधून फिरू नये. ज्यांना बोलावून घेतले, त्यांची लाजही वाटावी, हा भाव त्या सूचनांत लपून राहत नाही.

२७ जुलै १९१९ रोजी मिशिगन सरोवरात पोहताना एक कृष्णवर्णीय मुलगा गोऱ्यांच्या दगडफेकीमुळे बुडून मरण पावला आणि शिकागोत वांशिक दंगल उसळली. तीत ३८ माणसे मृत्युमुखी पडली; त्यांपैकी २३ कृष्णवर्णीय व १५ गोरे होते. जखमींची संख्या पाचशेवर गेली. या धामधुमीत ‘डिफेंडर’ने एका कृष्णवर्णीय स्त्रीची व तिच्या तान्ह्या मुलाची अमानुष हत्या झाल्याचे वृत्त दिले. ते खोटे होते. दंगलीनंतर राज्याच्या गव्हर्नरांनी नेमलेल्या चौकशी आयोगावर ॲबट हे एक सदस्य होते. आयोगाचा अहवाल १९२२ साली प्रसिद्ध झाला आणि अफवा पसरविण्याचा दोष त्याने गोऱ्या पत्रांबरोबर ‘डिफेंडर’वरही ठेवला. स्वतःच्या पत्राचा दोष नोंदविणाऱ्या अहवालाचे सहकर्तृत्व ॲबट यांच्याकडे आले. त्यांच्या पत्रव्यवसायाचे मूल्यमापन करताना हा प्रसंग वगळता येत नाही. भडकपणाने मिळविलेला वाचक त्याच भडकपणामुळे संकटात सापडू शकतो, हे त्यातून दिसून आले.

दंगलीच्या दिवसांत दुसऱ्याच्या छापखान्यावर विसंबण्याचा धोकाही कळला. १९२१ साली ॲबट यांनी इंडियाना ॲव्हेन्यूवरील, पूर्वी यहुद्यांचे प्रार्थनामंदिर असलेली एक वास्तू घेऊन तेथे स्वतःचे मुद्रणालय सुरू केले. कृष्णवर्णीय मालकाच्या या छापखान्यात यंत्रांवर काम करणारे मुद्रक मात्र प्रारंभी गोरे होते. कारण कामगार संघटनांची दारे कृष्णवर्णीयांना बंद असल्याने तसे कसबी मुद्रक मिळत नव्हते. स्वतः मुद्रक असलेल्या ॲबट यांना ही विसंगती बोचली नसेल, असे म्हणता येत नाही.

विसंगती आणखीही होत्या. काळ्या वर्णामुळे ज्यांनी आयुष्यभर अपमान सोसला, त्यांच्याच पत्रात त्वचा उजळ करणाऱ्या लेपांच्या व केस सरळ करणाऱ्या द्रव्यांच्या जाहिराती सर्रास छापल्या जात. ज्या पोर्टरांच्या पाठीवरून ‘डिफेंडर’ देशभर पोहोचला, त्यांनी १९२५ साली ए. फिलिप रँडॉल्फ यांच्या नेतृत्वाखाली संघटना स्थापन केली, तेव्हा ‘डिफेंडर’ने कंपनीची बाजू घेतली. कृष्णवर्णीयांना काम देणारा मालक दुखवू नये, हा त्यामागचा विचार असावा. वाचकांचा रोष वाढला आणि १९२७ च्या अखेरीस ॲबट यांनी माघार घेऊन संघटनेला पाठिंबा दिला. वाचकांमागोमाग त्यांनी आपले मत फिरविण्याचा हा दुसरा मोठा प्रसंग होय.

साहित्याच्या दृष्टीने ‘डिफेंडर’चे कार्य याच दशकात आकारास आले. मुलांसाठी ‘बड बिलिकन’ या काल्पनिक नावाने एक सदर सुरू झाले. देशभरातील हजारो मुले त्याच्या मंडळाची सभासद झाली, आणि १९२९ पासून त्याच नावाने शिकागोत दरवर्षी मिरवणूक निघू लागली. पुढे कादंबरीकार म्हणून प्रसिद्धी पावलेले विलर्ड मॉटली किशोरवयात हे सदर लिहीत असत. कवितांसाठी वेगळे सदर होते. त्यात ग्वेंडोलिन ब्रुक्स यांच्या शाळकरी वयातील सुमारे पाऊणशे कविता छापून आल्या. १९५० साली पुलित्झर पारितोषिक मिळविणाऱ्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय लेखिका. १९३० साली ॲबट यांनी ‘ॲबट्स मंथली’ हे मासिक काढले. रिचर्ड राइट यांची एक प्रारंभीची कथा १९३१ साली त्यात प्रसिद्ध झाली. चेस्टर हाइम्स यांनाही तेथे जागा मिळाली. या लेखकांच्या गुणवत्तेचे श्रेय ॲबट यांना देता येणार नाही, आणि ते स्वतः वाङ्मयाचे मर्मज्ञ नव्हते. नवोदिताला आपले नाव आपल्याच समाजाच्या पत्रात छापलेले दिसावे, ही सोय मात्र त्यांनी निर्माण केली.

१९२९ नंतरच्या मंदीने हे साम्राज्य खिळखिळे केले. बेकार वाचकाला अंक घेणे परवडेना आणि खप एक लाखाच्या खाली उतरला. मासिक १९३३ साली बंद पडले. व्यवहारातील काही विश्वासू माणसांनी घात केला, आणि क्षय व मूत्रपिंडाच्या विकाराने प्रकृती ढासळली. एकेकाळी रोल्स रॉइसमधून फिरणारे हे लक्षाधीश पत्र जगविण्यासाठी स्वतःचा पैसा ओतू लागले. या उतरत्या काळातही त्यांनी सेंट सायमन्स बेटावर आपल्या वडिलांचे स्मारक उभारले, आणि ज्या स्टीव्हन्स कुटुंबाने वडिलांना गुलाम म्हणून बाळगले होते, त्याच्या विपन्नावस्थेतील वंशजांना अर्थसाहाय्य केले. दक्षिणेवर सतत प्रहार करणाऱ्या या माणसाच्या मनातील दक्षिण पुसली गेली नव्हती.

२९ फेब्रुवारी १९४० रोजी शिकागोत त्यांचे निधन झाले. त्यांचे पुतणे जॉन सेंगस्टॅक यांच्या पुढाकाराने त्याच सुमारास देशातील कृष्णवर्णीय प्रकाशकांची संघटना त्या शहरात आकार घेत होती. पत्राची धुरा पुतण्याकडे गेली. १९४२ पासून लँग्स्टन ह्यूज त्यात सदर लिहू लागले, आणि ‘सिंपल’ हे त्यांचे अजरामर पात्र १९४३ साली त्याच सदरात जन्माला आले. १९५६ साली ‘डिफेंडर’ दैनिक झाला. जुलै २०१९ मध्ये त्याची छापील आवृत्ती बंद झाली.

ॲबट यांचे चरित्रकार रॉय ऑटली यांनी १९५५ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथात त्यांना एकाकी योद्धा ठरविले. व्यक्ती म्हणून ते एकाकी असतीलही. परंतु प्रकाशक म्हणून ते कधीच एकटे नव्हते. जेवणाची खोली देणारी घरमालकीण, गठ्ठे वाहणारे पोर्टर, न्हाव्याच्या दुकानात मोठ्याने वाचणारा अनामिक साक्षर आणि अशुद्ध लेखनात आपली हकीकत कळविणारा शेतमजूर हे सर्व त्या पत्राचे भागीदार होते. ॲबट यांनी आपल्या समाजाला उत्तरेची वाट दाखविली, असे म्हणण्याचा प्रघात आहे. वस्तुस्थिती अशी की, समाजाने वाट धरली, ॲबट यांनी तिला नाव व दिवस दिला, आणि चुकले तेव्हा वाचकांनी त्यांना वळविले. अल्पसंख्य समाजांच्या साहित्याचा इतिहास लिहिताना लेखक आणि कृती यांच्याबरोबरच प्रकाशक आणि त्याचा वाचक यांचे हे परस्परावलंबनही तपासावे लागेल. भारतीय भाषांतील अशा अनेक पत्रांची चरित्रे अद्याप लिहिली जायची आहेत.